आईचं वय बारा

निहारिका : आई, तू परत बारा लिहिलंस.

आई : मग, बाराच येतं. मुलीचं वय एक्स, आईचं तीन एक्स. बारा वर्षांनी आई मुलीच्या दुप्पट. म्हणजे तीन एक्स अधिक बारा बरोबर दोन एक्स अधिक चोवीस. एक्स बारा. इतकं सुबक समीकरण मी कॉलेजातसुद्धा मांडलं नव्हतं.

निहारिका : समीकरण ओके आहे. प्रश्न काय आहे?

आई : आईचं आजचं वय किती.

निहारिका : आणि तू लिहिलंस, आईचं वय बारा.

आई : अगं बाई.

निहारिका : मुलगी बारा. आई छत्तीस. लास्ट टाइम पण हेच केलंस ना?

आई : दोन्ही वेळा. पहिल्या परीक्षेत दोन सायकली समोरासमोरून येत होत्या. किती तासांनी भेटतील ते काढलं आणि समाधानानं पेन ठेवलं. विचारलं होतं अंतर. दुसऱ्यांदा सहलीला मुलं किती ते विचारलं होतं, मी शिक्षक मोजून खूश. निकाल सांगणाऱ्या बाई म्हणाल्या, तुमचं गणित छान आहे, फक्त तुम्ही उत्तर देत नाही. चौदा वर्षांत या देशात मला इतकं नेमकं कुणी ओळखलं नव्हतं.

निहारिका : उद्या थर्ड टाइम. नापास झालीस तर?

आई : तर कोर्सची जागा दुसऱ्या कुणाला. शाळेत वर्गमदतनीस व्हायचं विसरायचं. आणि फॉर्म भरताना नोकरीच्या रकान्यात पुन्हा रेघ मारायची. तुझे बाबा म्हणतील, काही बिघडत नाही. ते तसं म्हणतील याचीच मला भीती वाटते.

निहारिका : पण एकच लाइन राहते, आई. का थांबतेस तिथं?

आई : एक्स सापडला ना, की देव भेटल्यासारखं वाटतं गं. मग पुढे काही मागायचं सुचत नाही.

निहारिका : तुझ्या कीर्तनात मध्ये ती काळी पावडर लावतात, मग लोक उठून जातात. रामनवमीला किती चिडली होतीस तू.

आई : बुक्का म्हणतात त्याला. चिडणार नाही तर काय? हॉल भाड्यानं घेतलेला. पूर्वरंगात तासभर एका अभंगाचा अर्थ उलगडला, मध्यंतरी बुक्का लागला, आणि चंद्रहासकाकांसकट अर्धी सभा कॉफीला. खरी कथा तर उत्तररंगात असते. ती मी खुर्च्यांना सांगितली.

निहारिका : तू सेम करतेस. एक्स मिळाला की तुला बुक्का लागला. स्टोरी राहते, आणि तू कॉफीला.

(आई वहीत तोंड लपवते. तिचे खांदे हलतात.)

निहारिका : रडतेस?

आई : हसतेय. एवढे महिने त्या माणसांना नावं ठेवतेय मी. चंद्रहासकाकांच्या बायकोला तर फोन करून सुनावलं. आणि उठणाऱ्यांत पहिली मीच.

निहारिका : आता मी एक गणित घालते. एक बाई एकोणतीस वर्षांची असताना नेदरलँड्सला आली. येऊन चौदा वर्षं झाली. तिकडची वर्षं आणि इकडची वर्षं इक्वल होतील, तेव्हा तिचं वय किती?

आई : बाई ओळखीची वाटते. समजा, आणखी एक्स वर्षांनी. चौदा अधिक एक्स बरोबर एकोणतीस. एक्स पंधरा.

(आई पेन खाली ठेवते. मग पुन्हा उचलते.)

आई : बोलू नकोस. वय विचारलंय. आत्ता त्रेचाळीस, अधिक पंधरा, अठ्ठावन्न. लिहिते हं पूर्ण वाक्यात. तेव्हा तिचं वय अठ्ठावन्न वर्षं असेल.

निहारिका : करेक्ट. तेव्हा तू शाळेत काम करत असशील.

आई : उद्या असंच शेवटपर्यंत बसले तर.

निहारिका : आणि तेव्हा मी किती?

आई : तू चौदाची. पंधरा मिळवले की एकोणतीस. मी आले तेव्हाची मी.

निहारिका : मग मी पण कुठे लांब जाणार?

आई : ते यात विचारलेलं नाही. पुढचं उदाहरण वाच. सावकाश वाच.