ओस्वाल्ड रीमरला हसू नका

हसू नका, एवढंच तर सांगितलं होतं हो मी! तुम्हीच सांगा, यात माझं काय चुकलं? सहा वर्षं बर्लिनमध्ये जुन्या फिल्म जपायचं शिक्षण घेऊन मी सिंगापूरला घरी परत आले, आणि आमच्या मराठी मंडळाकडे मागून मागून मागितलं काय, तर चाळीस मिनिटं! एका माणसासाठी! ओस्वाल्ड रीमर. नाही ना ऐकलंत नाव? कोणीच नाही ऐकलेलं. बाबा तर त्याला "तुझा तो मुका जर्मन" म्हणतात.

मुका नव्हता हो, मूकपटात होता! एकेचाळीस मूकपट, बहुतेकांत खुनी. सहा फूट उंच, गालफडं बसलेली, आणि डोळे असे की... नुसता बघायचा, आणि थिएटरात बायकांना घेरी यायची. मग १९३० साल उजाडलं आणि याच्यावर बोलायची वेळ आली. पहिला बोलपट, गच्च थिएटर, हा जिना उतरून येतो, सगळ्यांचा श्वास अडकलेला, हा तोंड उघडतो... "दार लावा. थंडी येतेय." आणि आवाज कसा? सर्दी झालेल्या शाळकरी मुलीसारखा! अख्खं थिएटर हसलं. पुढच्या सिनेमात त्याच्या तोंडावर दुसऱ्याचाच आवाज चिकटवला. त्यानंतर अकरा बोलपटांत काम मिळालं, आणि तुम्हाला सांगते, अकराही वेळा प्रेताचं!

ते वाक्य मी बर्लिनच्या एका तळघरात पाहिलं. वाक्य संपतं आणि तो क्षणभर कॅमेऱ्याकडे बघतो. जणू कान देऊन ऐकतोय... हसले का? त्या दिवसापासून तो माझ्या मागे आहे. थट्टा नाही करत. आमच्या बुकित पंजांगची एलआरटी ट्रेन इमारतींना खेटून जाते ना, तेव्हा लोकांच्या घरात डोकावता येऊ नये म्हणून डब्याच्या काचा आपोआप धुरकट होतात. त्या धुरकट काचेत हा उभा! मी मान फिरवते, परत वळते, आणि तो नुसता बघतोय!

म्हटलं, एकदा जग हसलं ना त्याला, मग एकदा तरी चाळीस माणसांनी न हसता त्याचं ऐकून घ्यावं. सुटेल बिचारा. मीही सुटेन.

मंडळाच्या सेक्रेटरी अरुणामावशी. त्या म्हणाल्या, "मूकपट आहे, तर मध्ये अंताक्षरी ठेवू या का गं?" नको! "बरं, निदान वडे?" नको! शेवटी व्हॉट्सॲपवर निमंत्रण मीच टाकलं. त्याचा काळापांढरा फोटो, खाली नाव, १८९१ ते १९५४, रविवारी चार वाजता, बेडोकमधल्या कॉन्डो सोसायटीचा हॉल. वेळेवर यावे. कृपया हसू नये.

रविवारी हॉलमध्ये शिरते तर काय... सगळे पांढऱ्या कपड्यांत! फोटोला हार! समोर उदबत्ती, तीही बॅटरीवरची, कारण कॉन्डोत धूर चालत नाही! अरुणामावशींनी मला जवळ घेतलं.

"फार वाईट झालं गं. तुझे तिकडचे घरमालक का?"

"मावशी, ॲक्टर होते ते."

"हो का? चेहऱ्यावर तेज आहे. कशानं गेले?"

"बोलपटानं."

"अरेरे... कोणाला काय होईल, काही सांगता येत नाही हो!"

सांगून टाकणार होते, देवाशप्पथ. पण मग वाटलं, इतका गंभीर हॉल मला जन्मात परत मिळणार आहे का? लावली फिल्म, आधी मूकपटांतले तुकडे, शेवटी तो बोलपट. आणि काय शांतता! एसीची घरघर ऐकू येत होती. खून झाले, कोणी फोन काढला नाही. मग तो जिना. तो उतरतोय, खाली मी घातलेली मराठी अक्षरं... "दार लावा. थंडी येतेय." तोच आवाज! आणि कोणी हसलं नाही. चाळीस माणसं, हूं की चूं नाही! फक्त मागचे एक काका हळूच उठले, हॉलचं दार लावून आले, आणि हात जोडून परत बसले.

आणि मी हसले.

मी! फुटलेच! तोंडात ओढणी कोंबली तरी थांबेना... आणि पडद्यावरून तो नुसता बघतोय!

"हसू दे तिला," अरुणामावशी सगळ्यांना सांगत होत्या. "दुःख डोक्यात गेलं की होतं असं." निघताना माझ्या हातात डबा दिला. "पिठलं-भात आहे. आज घरी काही शिजवू नका." मयताच्या घरी देतात ना, तो पिठलं-भात!

हॉलमधून बाबा माझ्याबरोबरच घरी आले. घराचं दार उघडलं आणि सरळ बाथरूममध्ये. डोक्यावरून पाणी घेतल्याचा आवाज. मी बाहेरून विचारलं, "बाबा, आत्ता कसली आंघोळ?"

आतून उत्तर आलं, "घरातल्या कोणीतरी करायला हवी ना. तू तर हसलीस."