देवळाचे दहा

सोलापूरच्या एस.टी. स्टँडवर रांगेत माझ्यापुढं धुळाप्पा आणि त्यांची बायको केराबाई. अक्कलकोटची साडेदहाची गाडी नुकतीच सुटलेली.

“नातीचं बारसं चुकलं की!” केराबाई म्हणाली. “सकाळधरनं म्हनत हुते, लौकर निगा.”

“पर घंटाच झाली न्हाय. सूर्याच्या देवळात ऊन देवाच्या पायावर पडलं, की दहा वाजत्यात. मग गुरव घंटा देतो.”

“आज आभाळ हाय.”

“मग दहा वाजलंच न्हाईत.”

“त्ये एस.टी.वाल्यास्नी सांगा!”

“केरे, देवाच्या येळंवर शंका घेऊ नगं.”

“न्हाय घेत. पर सुटल्या गाडीत खिडकीपाशी कोन बसलं हुतं, बगितलंत?”

“कोन?”

“तुमचा गुरव. मनगटाला घड्याळ बांधून.”