भिंतीपलीकडचा आवाज

सन्माननीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरील मान्यवर पाहुणे आणि समोर दाटीवाटीनं बसलेल्या माझ्या वस्तीतल्या आयाबहिणींनो, बंधूंनो,

सत्कारमूर्तींची खुर्ची रिकामी आणि मी आपली बोलतेच आहे, हे कुठल्या रीतीत बसतं? अध्यक्षांनी दोनदा घंटी वाजवली. साहेब, राग मानू नका. मी खाली उतरले की चित्रपट सुरू होईल, म्हणून मी उतरत नाही.

आजच्या सत्कारमूर्ती, आमच्या कॅमेरावाल्या ताई, वर मशीनच्या खोलीत आहेत. आमच्या वस्तीचं रोजचं जगणं त्यांनी टिपलं. नळावरची भांडणं, माझं शिवणकाम, सासूबाईंनी त्यांना घातलेल्या शिव्यासुद्धा! त्यांची एक पद्धत आहे. घरातलं चित्रण संपलं की सगळ्यांना गप्प उभं करायचं आणि त्या घराची नुसती शांतता टिपायची. ती म्हणे दृश्याखाली घालतात. माझ्या घरात आम्ही श्वास रोखून उभे राहिलो. पण आमच्या भिंती पत्र्याच्या! पलीकडे माझी जाऊ फोनवर लेकीशी बोलत होती. लेक कुठं लपून राहते, कुठल्या गल्लीत, सगळं.

ताई प्रत्येकाला त्याचं चित्रण घरी येऊन दाखवतात. आम्हीही पाहिलं, पण लहानशा टीव्हीवर काही कळलं नाही. आज दुपारी इथले हे मोठे स्पीकर लावले, आणि शेवटच्या दृश्यात जाऊबाईंचा शब्दन् शब्द खणखणीत! मी तशीच ताईंकडे धावले; तो आवाज काढायलाच त्या वर बसल्या आहेत.

कारण त्या पोरीचा हात मोडणारा नवरा आज याच सभागृहात आहे. नात्यानं माझे जावईच की. एरवी पहिल्या रांगेत मान घेतात, आज मागच्या भिंतीला टेकून उभे आहेत.

हे चारचौघांत का सांगते? सगळ्यांच्या नजरा त्यांच्यावर राहाव्यात म्हणून. अहो जावईबापू, कुठं निघालात? मशीनच्या खोलीचा जिना ना तो? दादांनो, जरा जिन्यापाशी उभे राहा. हात कुणी लावू नका, नुसते उभे राहा. मला भीती वाटते आहे, खोटं कशाला बोलू? पण या मोठ्या आवाजापायी मी जन्मभर बोलणी खाल्ली, आज तरी तो उपयोगी पडू दे.

हं, आल्या ताई. काय म्हणता? बरं.

ऐका मंडळी. इथं घाईत तेवढाच आवाज वेगळा निघेना, म्हणून ताईंनी शेवटचं दृश्यच कापलं. ज्या दृश्याचं कौतुक करून हा सत्कार ठरला, तेच. आता ते कुठंच दाखवणार नाहीत म्हणतात. चित्रपट मध्येच तुटल्यासारखा वाटेल. तरी टाळ्या वाजवा, दणकून वाजवा.

मला बोलू दिलंत, घंटीकडे कानाडोळा करू दिलात, सगळ्यांचे आभार. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल तर पोटात घाला. जावईबापू, हे तुम्हाला नाही. तुमची मी माफी मागत नाही.

दिवे मालवा. जिन्यापाशी तेवढा एक राहू द्या.