सामाईक फाइल

नाही बेटा, कॉम्प्युटर नाही बिघडला. हा डबा अजून पाच वर्षं चालते. दुसरीकडं नेला असता तं सगळं पुसून नवं टाकून देलं असतं त्यायनं, मंग बसली असती रडत. बस ना, उभी काऊन? ती खुर्चीवरची कागदं खाली ठेव. च्या सांगू? नाही? बरं. ज्ञानेश्वरची मयुरी ना तू? एसटीतून उतरली तवाच वळखलं मी, चालणं बापावानी आहे. अन् डबाही वळखला, हा चरा माह्याच पेचकसाचा. बारा वर्षं आम्हा दोघायचा होता हा, इथंच, याच धाडच्या बाजारातल्या आमच्या दुकानात. पण शेगावाहून इतक्या दूर काऊन आणला — थांब, आधी काम पाहू दे, मंग सांग.

हे पाह्य. लग्नपत्रिका छापाचा प्रोग्राम उघडला की काय म्हणते? एक फाइल सापडत नाही म्हणते. डीएलएल. प्रोग्राम सगळं काम स्वतः नाही करत — अक्षरं दाखवणं, प्रिंटरले सांगणं, असं काम सामाईक फाइलीत असते अन् चार प्रोग्राम तीच वापरतात. आमच्या गल्लीत भात शिजवाची एक मोठी देग होती, ज्याच्या घरी लग्न त्याच्या घरी जाये. एकानं आपली समजून मोडीत घातली, अन् बाकीचे चुली पेटवून बसले. तसंच झालं हे. कोणीतरी दुसरा प्रोग्राम काढून टाकला, त्याच्यासंगं ही फाइल गेली. कोणी काढला? आता मले काय माहीत, सहा वर्षं झाली, होऊन जाते चुकून — नाही, चुकून कसं होईन? कॉम्प्युटर इचारते ना. मधात चौकट येते, ही फाइल दुसरेही वापरत असतील, काढू का? येस, नो, येस टू ऑल. इचारल्याबिगर नाही काढत तो.

हा पंखा लई आवाज करून राह्यला. बंद करतो.

आम्ही काऊन वेगळे झालो, हे बापानं सांगतलं का तुले? काहीच नाही? कमाल आहे. अख्ख्या बाजाराले माहीत आहे. उत्तमरावाच्या पोरीची पत्रिका. मुहूर्त सकाळचा, छापला संध्याकाळचा. पत्रिका वाटून झाल्यावर कळलं. बाजाराच्या दिवशी उत्तमराव दुकानात येऊन बोंबलला, अन् तुहा बाप सगळ्यायसमोर म्हणाला, "मतीनले मुहूर्तातलं काय समजते?" सांग आता. बारा वर्षं हरेक पत्रिकेच्या माथ्यावर गणपती मी बसवला, कोणाचं कुलदैवत कोणतं, मामाचं नाव कुठं, आत्याचं कुठं, सगळं मले तोंडपाठ — अन् मुहूर्त मले समजत नाही? लई लागलं ते. अजून लागते. चूक कोणाची होती? माहीच होती, नाही कोण म्हणते. आम्ही नवी पत्रिका नव्यानं करतच नव्हतो — जुनी उघडाची, नावं बदलाची, तारीख बदलाची. वेळ बदलाची राह्यली माह्याकडून. समजत नव्हतं म्हून नाही, घाई होती म्हून. मतीननं घाई केली, एवढंच म्हणाला असता तं मी उत्तमरावाच्या पाया पडलो असतो.

दुसऱ्या दिवशी माह्यं सामान न्याले गेलो. फोटोचा प्रोग्राम माह्या एकट्याचा होता, तो काढाले बसलो. तुहा बाप बाहेर ओट्यावर, पाठ करून. चौकट आली — हाव, मीच होतो, दुसरं कोण असणार. वाचली मी ती, बेटा. दोनदा वाचली. कोणाचं काय बंद पडते ते मले माहीत होतं. येस टू ऑल दाबलं. अन् पत्रिकेच्या प्रोग्रामची सीडीही पिशवीत टाकली. कंपनी कवाचीच बंद पडलेली, दुसरी सीडी कुठून भेटन? बारा वर्षांच्या पत्रिका त्याच्यासमोर, अन् एकही उघडे ना. लग्नसराई तशीच गेली, त्यानं शटर खाली घेतलं. आता शेगावात लॉजच्या काउंटरवर लोकायची नावं लिहून घेते म्हणतात. मी दोनदा गेलो शेगावले. दोन्ही वेळा एसटी स्टँडावरूनच वापस आलो.

ही पाह्य, सीडी. याच खणात होती. फिरून राह्यली… झालं. उघडली पत्रिका, गणपती पाह्य, जागच्या जागी. तुळशीचं लग्न झालं की टाक तू शेगावात पत्रिकेचं दुकान. फक्त बापाले सांगजो, बुलढाण्यात नीट करून आणला. माह्यं नाव नको काढू.

काय? त्यानंच पाठवलं? काय म्हणाला तो? सीडी मतीनपाशी आहे… असं म्हणाला? म्हणजे माहीत होतं त्याले. कवापासून?

त्याच दिवशीपासून? ओट्यावर बसल्या बसल्या?

अन् सहा वर्षं कोणाजवळच नाही बोलला.

डबा इथंच राहू दे. तू जाय बेटा, तुही गाडी लागली असन. उद्या तू नको येऊ न्याले. त्याले पाठव.