धीरजच्या मापाची बीन बॅग

शहाद्यातल्या गादीवाल्याकडे दिपाली उशी भरून मिळायची वाट पाहत बसली होती. समोर कळसाडीचं म्हातारं जोडपं बीन बॅग निवडत होतं आणि तिचे कान आपसूक तिकडे लागले होते.

“मागे नेली होती ना, रूपचंदभाई?” दुकानदाराने म्हाताऱ्याला विचारलं.

“ती फेकी दिनी. हिनी तेन्हामाईन थर्माकोलना दाणा काढीसन घरना कापूस भरी दिना.”

“घरना मऊ ऱ्हास, असं वाटनं माले.”

“कापूस दबतो, आई. गोळे होतात.”

“हाव ना. पोऱ्यानी पाठले जखमा व्हई गयात.”

“मग आता थर्माकोलचे दाणेच न्या. तो दिवसभर बसतो?”

“दिवसभर.”

“उंची किती?”

“सहा फूट,” म्हातारी चटकन म्हणाली.

“धीरजनी माय, खरं सांग.”

“सहा फूटच शे. दारमाईन वाकीसन ये तो.”

“ऊसतोडणीना यंत्रमा दोन्ही पाय गयात, भाऊ. आते मांडीनी खाले काहीच नही.”

दुकानदाराने हातातली मोठी बॅग खाली ठेवली.

“मग ही लहान न्या. पाठीला नीट आधार मिळेल. मोठीत तो रुतून बसेल, हातावर जोर देऊन उठता येणार नाही.”

“नही. मोठीच दे,” म्हातारी म्हणाली.

“अवं, तो बुडी जाई तेन्हामा. आखो जखमा व्हतीन.”

“व्हऊ दे. धाकली देखीसन तो माले इचारी, ‘माय, हाई माप तूच दिनं का?’”