निर्मलीचं काम मी घेतलं

माहा जन्म करडी गावचा, बाप धान लावणारा, अन् शेजारच्या घरची निर्मला माह्याच वयाची, दिवाळीनंतर गावात मंडईची जत्रा भरे, तिच्या नाटकात आमाले दोघीले संगच काम भेटलं. काय सांगू तुमाले, तवापासून माहा जीव तिच्यावर जळे. लोकं म्हणत, पुष्पा चांगली करते, पण निर्मला आली का नजर हटत नाई. तो 'पण' मले लय टोचे.

नाटकातल्या एका मास्तरानं आमाले मुंबईले नेलं. एक खोली, दोघी जणी. तवा भुताचे सस्ते सिनेमे निघत, पंधरा दिवसात तयार. आमी मांगं उभ्या राहो, नाईतर पहिल्याच भुताच्या हातून मरो. फोन खालच्या किराणा दुकानात. एक दिवस दुकानदारानं आवाज देल्ला, निर्मलाबाईले फोन. ते पाणी भराले गेली होती, म्हणून मी गेली. तिकडून माणूस म्हणे, निर्मलाले उद्या सकाळी पाठवा, हिरोईनचं काम आहे. मी म्हटली, ते त गावाले गेली जी, लग्न जुळलं तिचं. कसं निघालं तोंडातून, मले नाई मालूम. तो म्हणे, मंग तू कोण? मी म्हटली, मी पुष्पा, मी येतो.

गेली त समजलं, पांढरं लुगडं नेसून धबधब्याखाली भिजाचं अन् भूत झाडामांगून पायते. लाज वाटली, लय वाटली, पण हे काम निर्मलीचं होतं हे आठवलं का अंगात जोर ये. मंग तसेच सिनेमे करत गेली. आवाज दुसरीचा, पोस्टरवर माही ओली पाठ, नाव नाई. तुमसरच्या टॉकीजवर भावानं ते पोस्टर पायलं अन् निरोप धाडला, दारात पाय ठेवू नको.

निर्मली काम भेटत नाई म्हणून सहा महिन्यात परतली, नाकाडोंगरीले लग्न झालं, नवरा खाणीत, पोरं, सुना, नाती. मी परत आली ते माय मेल्यावर, भावानं मांगची खोली देल्ली. निर्मलीच्या सुना तिच्या पाया पडत, अन् मले पाहून बाया कुजबुजत. झालं, पुन्हा जळाले लागली.

यंदा तिच्या घरी गेली तवा तिच्या नातीनं आमाले मोबाईलवर माहा तो पहिला सिनेमा काढून देल्ला. पोरगी अंदर गेली अन् मले राहावलं नाई, फोनची सारी गोष्ट मी तिले सांगून टाकली. मले वाटलं आता हाकलते. ते म्हणे, मले तवाच समजलं होतं व, दुकानदार बोलला होता. मी म्हटली, मंग काहून नाई बोलली इतके वर्षं? तिनं मोबाईल डोळ्याजवळ घेतला, तोच सीन पुन्हा पायला, अन् म्हणे, पुष्पे, अठी, या धबधब्याखाली, तू लाजून राहिली. भूत पायते त भ्याले पायजे. मी असती त भेली असती.

अन् खरं सांगू, बरोबर बोलली ते. त्याचाच राग आला मले. माफी मागाची त राहूनच गेली, च्या तसाच सोडून निघून आली.

पण जातो मी तिच्याकडे, दर बाजाराच्या दिवशी बसनं जातो. ते वाट पायते, मले ठाऊक आहे. देवाले हात जोडतो त म्हणतो, निर्मलीले सुखी ठेव बाप्पा, पण माह्यापेक्षा लय जास्त नको.