डिक्कीतली लिपस्टिक

तुम्हाला खोटं वाटंल, पण ऐका. करमाडला ताईचं लग्न होतं आणि शालूला जुळणारी तिची लिपस्टिक मी भर मे महिन्यात स्कूटीच्या डिक्कीत विसरले. वितळून पुन्हा गोठली, ती लई रवाळ झाली. ओठाला वाळू लावल्यासारखी. ताई रडायच्या बेतात.

शेजारच्या सलीमचाचांनी ती वाटीत काढली, गरम पाण्यावर पातळ केली, नळीत परत ओतली आणि लगेच फ्रिजमध्ये ठेवली.

"वितळलेलं काहीबी हळू गार झालं, की दाणा धरतं," ते म्हणाले. "अन् आता उन्हात ठेवू नको."

तासाभरानं तीच लिपस्टिक ताईच्या ओठांवर लोण्यासारखी फिरली.

"चाचा, लिपस्टिकचं तुम्हाला एवढं कसं माहीत?"

"लिपस्टिकचं मला काय माहीत, बेटा? मी वाळूजच्या कारखान्यात तीस वर्षं वितळलेल्या धातूचे पिस्टन ओतलेत."